खाट नंबर चार

नऱ्ह्याच्या गोडाऊनमध्ये, जिथे पूर्वी पंपाचे सुटे भाग ठेवायचे,
तिथे आमचं हॉस्पिटल आहे.
तीन भिंती. चौथीच्या जागी कॅमेरा.
नवले पुलावर ट्रकने हॉर्न दिला
की ऑपरेशन थांबतं,
पोट उघडं टाकून सगळे चहा घेतात.

मी मार्था साळवे. ससूनमध्ये चौतीस वर्षं, मग रिटायर.
इथे माझं काम एवढंच
की स्टेथोस्कोप कानात उलटा जाऊ नये
आणि मेलेल्याला सलाईन लागू नये.

पाडव्यानंतर कळलं, डॉक्टर बदलणार.
आकडे उतरले होते.
आमच्याकडे आकडा उतरला की पेशंट सुधारतो,
इथे उलटं.
लेखकाने एका दुपारी तिघांना जीपमध्ये बसवलं,
कात्रजच्या घाटात सोडलं,
आणि पुढच्या पानावर लिहिलं: सात वर्षांनंतर.

देवराजला सिनेमा मिळाला होता.
मेकअप न उतरवताच पाया पडला,
म्हणाला, "सिस्टर, नाडी कुठे असते ते तुम्ही शिकवलंत."
नऊशे भागांत त्याला ती एकदाही सापडली नव्हती.

हनीफभाईंनी त्याच्या कोटावरचं नाव उसवलं.
टाके निघाले, भोकं राहिली.
त्याच भोकांवरून निळ्या दोऱ्याने दुसरं नाव,
जुन्यापेक्षा दोन अक्षरं कमी,
म्हणून शेवटची भोकं तशीच, उघडी.
क्लोजअपमध्ये दिसत नाहीत.
मला दिसतात.

भिंतीचा हिरवा निळा झाला.
गणपती लिफ्टजवळून काउंटरवर आला.
लिफ्ट तशीही कुठे जात नव्हती.
नवी मुलं आली, आकुर्डीची, बारामतीची,
स्पर्धांतून एकांकिका गाजवलेली,
दंडावर गोंदलेलं, डोळ्यांत झोप नसलेली.
मी पुन्हा पहिल्यापासून:
बाळा, अंगठ्याने नाही मोजायची. अंगठ्याला स्वतःची नाडी असते,
माणूस आपलीच मोजत बसतो.

बदलले नाहीत ते फक्त गेनबा कुदळे.
खाट नंबर चार, कोमात,
रोजचे सातशे, जेवण धरून.
त्यांच्या पायथ्याशी दोन लग्नं ठरली, एक मोडलं,
एका खुनाची कबुलीही त्यांच्याच उशाशी.
सात वर्षांच्या उडीत त्यांची दाढीसुद्धा वाढली नाही.
ब्रेकमध्ये तंबाखू मळत म्हणायचे,
"डॉक्टर येत्यात, जात्यात.
आपल्याला डिस्चार्ज नाही."

तिसऱ्या दिवशी जुईली खाटेशी वाकली.
नव्या डॉक्टरीणबाई, पहिलाच मोठा सीन,
पानभर संवाद.
तिने मनगट धरलं, दोन बोटांनी, शिकवलं तसं,
आणि बोललीच नाही.
दिग्दर्शक म्हणाला, "विसरली."
मी तिच्या ओठांकडे पाहत होते.
ती मोजत होती.

"सिस्टर," ती म्हणाली, कॅमेऱ्याकडे पाठ करून,
"मध्येच एक गाळतंय."

मी धरलं. गाळत होतं.
गेनबा डोळे मिटूनच म्हणाले, "कट झालं का?
सकाळपासनं जरा डावा हात…"

जेवणाच्या डब्यांच्या टेम्पोतून नेलं त्यांना.
सिंहगड रस्त्यावर नेहमीची गर्दी,
माझ्या मांडीवर त्यांचं डोकं,
आणि जुईलीच्या अंगात तोच कोट.
चौकातल्या पोलिसाने तिला डॉक्टर समजून सॅल्यूट केला,
वाट करून दिली.
तिने उतरवला नाही कोट. मीही सांगितलं नाही.

ससूनमध्ये माझ्या वेळचं कोणी नव्हतं.
एक कोवळा इंटर्न धावत आला,
बिल्ल्यावर दुसऱ्याच कोणाचं नाव, वर चिकटपट्टी.
हात थरथरत होता त्याचा.
अंगठा लावायला गेला.
मी काही बोलायच्या आत
जुईलीने त्याचं बोट हलवून नीट जागी ठेवलं.

आता गेनबा बरे आहेत.
परवा पेज घेऊन गेले होते.
शेजारच्या पेशंटच्या मुलाने मोबाइलवर आमची मालिका लावली होती.
खाट नंबर चारवर कोणी नवा होता, तरणा,
चांगला पोसलेला.
गेनबांनी मान उंचावून बराच वेळ पाहिलं.
मला वाटलं, वाईट वाटलं असेल.

"सिस्टर," ते म्हणाले,
"त्याला सांगा, पाय हलवतोय.
कोमातल्या माणसाला डास चावत नसतो."